हिरे विकणारी मीरकान

मीरकानला मी फारसं ओळखत नव्हतो. हे आधीच कबूल केलेलं बरं, कारण वाचनालयातल्या बाईंचा समज वेगळा आहे. आमच्या कोच्कोरच्या बाजारातल्या माणसांची एक वही त्या तयार करताहेत. मला म्हणाल्या, "वर्षभर तिच्या शेजारी बसलात, उस्ता. तुम्हीच लिहा." शेजारी बसलो हे खरं. पण मधे प्लायवूडची फळी होती.

एका लोखंडी कंटेनरचे दोन भाग केलेले आहेत. एका भागात मी घड्याळं दुरुस्त करतो, किल्ल्या घासतो, म्हणून मला उस्ता, म्हणजे कारागीर, म्हणतात. दुसऱ्या भागात ती बसायची. तिचा चेहरा मला सकाळी कुलूप उघडताना दिसे आणि संध्याकाळी लावताना, तोही रुमालात गुंडाळलेला. दिवसभर माझ्यासाठी ती एक आवाज होती आणि फळीतल्या चौकोनी झरोक्यातून येणारा एक हात. तिचं माहेर कुठल्या गावचं, नवरा कशाने गेला, चहात साखर किती घेते, हे मी कधी विचारलं नाही. मला विचारायला जमत नाही. मुलीला पत्र लिहायचं असलं तरी मी बायकोला लिहायला सांगतो आणि खाली सही करतो. तेव्हा इथे काही चुकलं, काही राहून गेलं, तर दोष माझा धरावा.

आता ती कोच्कोरमध्ये नाही. एक ड्रायव्हर म्हणतो बिश्केकला शिवणकामाच्या कारखान्यात आहे. दुसरा म्हणतो रशियात गेली. मला ठाऊक नाही.

ती हिरे विकायची. खरे नव्हेत. मोबाईलवर जो गोळीबाराचा खेळ सगळे खेळतात, त्यात कोट, बंदुका, गाड्या असं काय काय विकत मिळतं, आणि त्याला पैसे चालत नाहीत, हिरे लागतात. हिरे मात्र पैशांनी घ्यावे लागतात. पहिल्या आठवड्यात मला वाटलं, ही बाई पोरांना लुटते आहे. मग तिचं बोलणं कानावर पडू लागलं. फळी पातळ होती. पोरं तिला एजे, म्हणजे ताई, म्हणत.

"किती देऊ?"

"शंभर सोमचे द्या, एजे."

"शंभर सोमचे साठ येतील. तुला घ्यायचं काय आहे?"

"तो निळा कोट."

"तो तीनशेचा आहे. असे साठ-साठ घेत पाच वेळा येशील, पाचशे घालवशील. साडेचारशेचा एकच पॅक घेतलास तर तीनशे दहा येतात. पैसे साठव. मग ये."

"आणि तोवर कोट गेला तर?"

"तो कोट कुठे जात नाही. मागच्या वर्षीपासून 'शेवटचे दोन दिवस' म्हणताहेत. जा, समोसा खा त्या पैशांचा."

गिऱ्हाईक असं परत पाठवणारी दुकानदार मी बाजारात दुसरी पाहिली नाही. तिचं सगळं डोक्यात पक्कं असे. छोटा पॅक महाग, मोठा स्वस्त. पण मोठा घेऊन हिरे नुसते पडून राहणार असतील तर तोही महागच. पॅक कुठलाही असो, पहिल्या खरेदीला दुप्पट मिळतात, एका खात्याला एकदाच, तेव्हा ती पहिली खरेदी छोट्या पॅकवर उधळायची नाही. सणांच्या आधी काही घ्यायचं नाही, सणात घ्यायचं. आणि नशिबाच्या चक्राला हात लावायचा नाही. खेळात एक चक्र होतं, हिरे टाकून फिरवायचं, लागलं तर लागलं. त्या चक्राचं नाव काढलं की ती चिडायची. "चक्रासाठी हिरे हवेत? मग दुसऱ्याकडून घ्या. माझ्याकडचे नाही मिळणार." ती स्वतः कधी खेळली नाही. बिश्केकच्या एका घाऊक व्यापाऱ्याकडून आगाऊ पैसे भरून कोड घ्यायची आणि दोन-चार सोम वर ठेवून विकायची.

तिची निम्मी गिऱ्हाइकं ड्रायव्हर होती. आमचा टॅक्सीतळ बाजाराला लागूनच आहे. बिश्केकची सवारी भरायला दोन-दोन तास लागतात, तोवर हे मोठे बाप्ये गाडीत बसून एकमेकांना गोळ्या घालतात. त्यांतला एक तिनार. तिशीचा, बडबड्या, निळ्या गाडीचा मालक. त्या गाडीचा हीटर बंद होता आणि मागची काच प्लास्टिकने चिकटवलेली होती. तिनारला खेळातली सोनेरी गाडी हवी होती.

"अकरा हजार हिरे," मीरकान म्हणाली. "तिनार, त्यापेक्षा खऱ्या गाडीचा हीटर बसव. परवा तुझ्या गाडीतून आजीबाई उतरल्या त्या फरशीसारख्या ताठ झाल्या होत्या."

"एजे, खऱ्या गाडीकडे कोण बघतंय? खेळात सगळी दुनिया बघते."

"सगळी दुनिया म्हणजे ओरमोन."

"ओरमोनच! तो बघून जळला पाहिजे."

ओरमोन म्हणजे त्याचाच भाऊबंद, पांढऱ्या गाडीवाला. दोघे एका गावचे, आणि मीरकानचं सासरही त्याच गावचं. ऑक्टोबरमध्ये तिने तिनारला सांगितलं, "थांब. हिवाळ्याच्या शेवटी तीन दिवस मोठ्या पॅकवर जेवढे तेवढे फुकट देतात. आठ हजार सहाशेत बारा हजार हिरे येतील. आज घेतलेस तर जवळजवळ दुप्पट पडतील." तो कुरकुरला, पण थांबला. रोज फळीपलीकडून विचारायचा, "आले का ते तीन दिवस?" ती म्हणायची, "येतील, तुझं लग्न थोडंच आहे पळून जायला."

तिच्या कामाची एक पद्धत होती. गिऱ्हाइकाने आपल्या खात्याचा नंबर सांगायचा. तो टाकला की पडद्यावर त्या खेळाडूने घेतलेलं नाव उमटतं. ते नाव ती मोठ्याने वाचायची, गिऱ्हाईक "हो" म्हणायचं, आणि मगच ती पाठवायची. पाठवलेले हिरे परत येत नाहीत, कुणी काही केलं तरी. पडदा दाखवला की लोक न बघताच मान हलवतात, असं तिचं म्हणणं. कानावर नाव पडलं की थबकतात. त्यामुळे दिवसभर फळीपलीकडून नावांची जपमाळ चाले: "काळा लांडगा? हो. बर्फाचा राजा? हो. आईचा लाडका? अरे, हे कुणाचं? तुझं? एवढा दाढीवाला माणूस तू?"

फक्त काही नावं ती वाचत नसे.

आमच्याकडे सून सासरच्या वडीलधाऱ्यांची नावं घेत नाही. बिश्केकच्या मुली आता घेतात म्हणे. मीरकान घेत नसे. सासरा, मोठे दीर, त्यांचे आजे-पणजे, कुणाचंच नाही. तिच्या सासरच्या कुळाचे मूळपुरुष दोन भाऊ, कोझुबेक आणि नारबोता. कोझुबेक या नावात आमचा कोकराचा शब्द आहे, म्हणून ती कोकरालाही कोकरू म्हणत नसे. शेजारच्या खाटकाला म्हणे, "अर्धा किलो मेंढीचं पोर दे." खाटीक मुद्दाम विचारी, "कोणाचं पोर, एजे? नीट सांगा, मला कळलं नाही." ती म्हणे, "तुझ्या सासूचं."

आता त्या गावच्या पोरांना आपल्या पूर्वजांचा भारी अभिमान. त्यामुळे खेळात नाव घेताना कुणी कोझुबेक, कुणी नारबोता. असं नाव पडद्यावर आलं की मीरकान फळीवर दोनदा टकटक करी आणि झरोक्यातून मोबाईल असलेला हात पुढे करी. "उस्ता आबा, वाचा हो जरा." मी डोळ्यावरचं भिंग वर करून मोठ्याने वाचायचो, "कोझुबेक." पलीकडून गिऱ्हाईक म्हणे, "हो, माझंच." हात मागे जाई. दिवसातून दोन-तीनदा हे होई. खरं सांगायचं तर मला ते आवडायचं. तिच्या वहीतही ती ही नावं लिहीत नसे. "मोठे आबा, निळी गाडी" म्हणजे तिनार, "मोठे आबा, पांढरी गाडी" म्हणजे ओरमोन, आणि पुढे नंबर.

कंटेनर जुमाअलीचा आहे. जुमाअली म्हणजे तिचा थोरला दीर. मीही त्याचाच भाडेकरू. नवरा गेल्यावर मीरकान त्याच आवारात राहत होती, सहा गाई आणि आजारी सासू सांभाळत. मागच्या नौरोजला, मार्चमधल्या आमच्या नववर्षाला, तिने ही अर्धी जागा मागितली. जुमाअली वाईट माणूस नाही. त्याने माझ्यासमोरच सांगितलं, "एक वर्ष बसून बघ. वर्षात एकही माणूस तक्रार घेऊन माझ्या दारात आला नाही, तर जागा तुझी, भाडंही नको. आला, तर मात्र ती सोडायची. तिथे माझा मुलगा टायर विकेल." ती "बरं" म्हणाली. त्या दिवसापासून ती नौरोजपर्यंतचे दिवस मोजत होती, हे मला ठाऊक होतं, कारण तिच्या भागातल्या समोरच्या भिंतीवर तिने खडूने महिने लिहिले होते आणि झरोक्यातून त्यांतले दोन दिसत.

एकदा, डिसेंबरात, बाहेर बर्फ पडत होता आणि गिऱ्हाईक नव्हतं. तेव्हा ती अचानक म्हणाली, "उस्ता आबा, या एवढ्याशा जागेत मी कुणाची सून नाही, कुणाची काकू नाही. इथे लोक मला काहीतरी विचारायला येतात."  मी "हं" म्हणालो.

फेब्रुवारीच्या शेवटी ते तीन दिवस आले. पहिले दोन दिवस ती सकाळपासून रात्री कुलूप लावेपर्यंत पाठवत होती. तिसऱ्या दिवशी दुपारी बाराला सगळं संपणार होतं, आणि सकाळीच वीज गेली. विजेबरोबर मोबाईलचं नेटवर्कही गेलं. तिच्या खिडकीसमोर रांग लागली. लोक पाय आपटत, सिगारेटी ओढत, वीज खात्याला शिव्या देत उभे. पावणेबाराला नेटवर्क आलं.

मग जी धांदल उडाली! "नंबर सांग. काळा लांडगा? हो. पुढे. नंबर. तुफान? हो. पुढे." तिचा आवाज मी इतका भरभर कधी ऐकला नव्हता. माझ्या हातात शाळेच्या मास्तरांचं जुनं घड्याळ होतं. त्याचं तोलचक्र चिमट्यात धरून मी बसवत होतो. ज्याने हे काम केलंय त्याला कळेल, त्या क्षणी शिंकसुद्धा चालत नाही.

तिनार शेवटी आला. त्याच्या गाडीत सवारी भरलेली, इंजिन चालू, मागे कुणीतरी ओरडतंय, "अरे चल की, विमान चुकेल माझं!" तो खिडकीपर्यंतही आला नाही. गाडीच्या काचेतूनच ओरडला, "एजे, आता सात मिनिटं राहिली! पैसे सकाळीच दिलेत! पाठवा!"

"नंबर सांग!"

"वहीत आहे की! नेहमीचाच!"

फळीवर टकटक झाली. झरोक्यात हात आला. "उस्ता आबा, वाचा."

"जरा थांब," मी म्हणालो. "चक्र हातात आहे."

हात तिथेच थांबला. किती वेळ, सांगता येत नाही. वीस सेकंद असतील. बाहेर हॉर्न वाजत होता. मग हात मागे गेला, आणि मी तिला खिडकीतून ओरडताना ऐकलं, "तिनार, मोठ्या आबांचंच नाव ना तुझं?"

"हो, हो, मोठ्या आबांचंच! पाठवा, एजे!"

आणि तिने पाठवलं. मी चक्र बसवलं. घड्याळ चालू लागलं. मी भिंग वर करून झरोक्याकडे पाहिलं, "हं, दाखव," म्हणालो. ती म्हणाली, "झालं, आबा. पाठवलं. देवाची कृपा."

झालं होतं असं, की त्या आठवड्यात तिनार निळी गाडी घेऊन आलाच नव्हता. हीटर अखेर दुरुस्तीला टाकला होता आणि ओरमोनची पांढरी गाडी तो भाड्याने चालवत होता. ओरमोन ताप येऊन घरी पडला होता. मीरकानने खिडकीतून पांढरी गाडी पाहिली आणि वहीतली पांढऱ्या गाडीची ओळ उचलली. पडद्यावर नारबोता आलं. तिनारचं नाव कोझुबेक. दोन्ही नावं तिच्या लेखी मोठ्या आबांचीच. ते नाव मोठ्याने उच्चारलं गेलं असतं, तर तिनार गाडीतूनही ओरडला असता, "नारबोता नाही, एजे, तो ओरमोन!"

तिनारचा फोन तीनच्या सुमारास आला. तो बिश्केकला पोहोचला होता. मी तिचंच बोलणं ऐकत होतो. "आले नाहीत म्हणजे? नीट बघ. खेळ बंद करून परत उघड."  मग वहीची पानं.  शेवटी तिने ओरमोनला फोन लावला आणि मोबाईल फळीजवळ ठेवून बोलली, का कोण जाणे. त्याचा तापाने घोगरा झालेला आवाज मला स्पष्ट ऐकू आला.

"हो वहिनी, आले ना! बारा हजार! मला वाटलं खेळवाल्यांनी दिले. आजारी माणसाला भेट."

"ओरमोन, ते तिनारचे आहेत. हात लावू नकोस त्यांना."

"तिनारचे?" तो खोकला. "अहो, मग आधी सांगायचं. ते गेले."

"कुठे गेले?"

"चक्र फिरवलं. पडून पडून काय करणार? दुपारभर फिरवलं."

"लागलं काय?"

"चार टोप्या," ओरमोन म्हणाला, "आणि एक छत्री. आकाशातून उडी मारतात ना, ती."

तिने त्याच संध्याकाळी तिनारचे आठ हजार सहाशे परत केले. तिच्या कोडांच्या पैशातले. त्यामुळे पुढचे दोन आठवडे तिच्याकडे विकायला फारसं काही नव्हतं. तिनार आधी हसला. "जाऊ द्या एजे, पुढच्या हिवाळ्यात." पण टॅक्सीतळ त्याला सोडतोय थोडाच! रोज सकाळी कुणी ना कुणी विचारी, "तिनार, तुझी सोनेरी गाडी कुठे? ओरमोनच्या डोक्यावर?" ओरमोन तर मुद्दाम खेळात ती टोपी घालून फिरे. चौथ्या-पाचव्या दिवशी तिनारचं हसणं संपलं. मी त्याला म्हणताना ऐकलं, "चार महिने थांबायला लावलं मला त्या बाईने. स्वस्त, स्वस्त करत. महाग घेतले असते तर आज गाडी असती." हे मीरकाननेही ऐकलं असणार. 

तरी तक्रार त्याने केली नाही. त्याच्या आईने केली. ही चेष्टा फिरत फिरत तिच्या कानावर गेली तेव्हा तिला कळलं, की मुलाने आठ हजार सहाशे सोम एका नसलेल्या गाडीवर घातले होते. पैसे परत आल्याचं तिला कळलं नाही, किंवा कळूनही तिने ते धरलं नाही. नौरोजला अकरा दिवस राहिले असताना ती जुमाअलीच्या दारात जाऊन उभी राहिली.

दुसऱ्या दिवशी जुमाअली आला. मीरकानच्या भागात दोन माणसं मावत नाहीत, म्हणून तो दारात उभा होता. मी कानस हातात घेऊन एक किल्ली घासत होतो, घासायची गरज नसताना.

"ती बाई माझ्या बायकोसमोर ओरडून गेली," तो म्हणाला. आवाज चढलेला नव्हता. "म्हणे तुमच्या घरची सून नसलेली गाडी विकते, आणि तीही भलत्याला देते. काय झालं ते सांग."

"चूक झाली."

"कशी?"

"दुसऱ्याला गेले. पैसे मी परत केले."

"पैशाचं नाही विचारत. तू म्हणे कधी चुकत नाहीस, सगळे सांगतात. मग हे कसं झालं? कुणी फसवलं का? तिनारने चुकीचा नंबर दिला का?"

"नाही. मीच चुकले."

मी कानस खाली ठेवली. एवढंच म्हणायचं होतं: जुमाअली, तिने तुमच्या पूर्वजांचं नाव घेतलं नाही, म्हणून हे झालं, आणि मी वाचून द्यायचं ते दिलं नाही. दोन वाक्यं. ती माझ्या तोंडात तयार होती. मी झरोक्यातून पाहिलं. मीरकान माझ्याकडेच पाहत होती, आणि तिने मान किंचित हलवली. नको.

"बोलणं झालं होतं आपलं," जुमाअली म्हणाला.

"हो."

"महिनाअखेरपर्यंत बस. सामान आवरायला वेळ घे."

"बरं."

तो माझ्या दारावरून जाताना थांबला, "काय उस्ता, तब्येत?" म्हणाला. "बरी आहे," मी म्हणालो.

तो गेल्यावर मी पहिल्यांदाच फळीवर आपणहून टकटक केली. "सांगितलं का नाहीस त्याला?"

"काय सांगू?"

"नावाचं. तो समजला असता. उलट खूश झाला असता, सून अशी आहे म्हणून."

"झाले असते की खूश," ती म्हणाली. "म्हणाले असते, बरोबर केलंस मीरकान, तू चांगली सून आहेस. आणि म्हणूनच हा धंदा तुझा नव्हे, जा घरी. आत्ता निदान चुकले म्हणून जाते आहे."

"पण मी..."

"तुमच्या हातात चक्र होतं, आबा. मी थांबायला हवं होतं."

"सात मिनिटं होती."

"वाचायलाही हवं होतं," ती म्हणाली. "ओठांवर आलं होतं, खरं सांगते. त्या पोराने हॉर्न दाबला तेव्हा आलंच होतं. मग वाटलं, आपण विचारतोच आहोत की, मोठ्या आबांचंच ना म्हणून." थोड्या वेळाने ती हसली, पण ते हसणं मला बरं वाटलं नाही. "चार टोप्या आणि एक छत्री!"

मी त्या रविवारी जुमाअलीच्या घरी गेलो. हे मी बायकोलाही सांगितलं नव्हतं. रस्ताभर ती दोन वाक्यं मनात घोळवत होतो. तिने नको म्हटलं होतं, तरी म्हटलं, माझ्या वाट्याचं तरी सांगावं: हात पुढे आला होता आणि मी थांब म्हणालो. जुमाअलीने मला आदराने वरच्या जागेवर बसवलं. मीरकानच चहा घेऊन आली. मला पाहून तिच्या हातातला प्याला क्षणभर थांबला. दुसऱ्यांसारखाच मलाही आमच्या रीतीप्रमाणे अर्धाच प्याला चहा ओतून दिला आणि दाराशी बसली. जुमाअली त्याच्या घोड्याबद्दल बोलू लागला. घोडा पुढचा उजवा पाय टेकवत नव्हता. मी म्हणालो, नालेत खडा असेल. तो म्हणाला, पाहिलं, नाही. मग आम्ही घोड्याबद्दलच बोललो. बोरसोक, म्हणजे पिठाचे तळलेले गोळे, खाल्ले. जुमाअलीने विचारलं, "काही काम होतं का, उस्ता?" दाराशी ती बसलेली. मी म्हणालो, "नाही, सहजच. भाडं पुढच्या आठवड्यात देतो." तो म्हणाला, "तुमच्या भाड्याची मला काळजी नाही." मी उठलो. फाटकापर्यंत मला पोहोचवायला तो आला. तिथेही मी बोललो नाही. तिच्यासाठी गप्प राहिलो की माझ्या जागेसाठी, हे मला आजही नक्की सांगता येणार नाही.

उरलेल्या दिवसांत गिऱ्हाईक येत राहिलं. ती त्यांना तसंच सांगत राहिली, हे घे, ते नको, सणापर्यंत थांब. फक्त आता वाचून घेण्याची पद्धत तिने बदलली. मोठ्या आबांचं नाव आलं की गिऱ्हाइकालाच म्हणे, "तूच वाच मोठ्याने. पूर्ण वाच." फळीवर टकटक झाली नाही. मी कामात असलो तरी भिंग वर करूनच बसत होतो.

तिनारही एकदा आला. खिडकीसमोर उभा राहिला. "एजे, आईने मला न विचारता केलं."

"माहीत आहे."

"मी जाऊन सांगू का त्यांना? चूक माझीपण आहे, मी गाडीतून ओरडत होतो."

"हीटर झाला का दुरुस्त?"

"झाला."

"मग सवाऱ्या भर. जा."

महिन्याच्या शेवटच्या दिवशी तिने सामान आवरलं. सामान म्हणजे एक स्टूल, एक शाल, दोन चार्जर आणि वही. जुमाअलीच्या मुलाने दोन टायर आधीच आणून दाराशी टेकवून ठेवले होते. तिने ओला फडका घेऊन भिंतीवरचे खडूचे महिने पुसले. मी माझ्या दारात उभा होतो, काहीतरी बोलायचं म्हणून.  ती कुलूप लावू लागली तर ते लागेना.

"खालून लाथ मारावी लागते," मी म्हणालो.

तिने मारली. लागलं.

"उद्या सकाळी वीज नाही म्हणतात, आबा. कोळसा आत घेऊन ठेवा, बाहेर भिजेल."

"घेतो."

"आणि त्या मास्तरांचं घड्याळ? नेलं का त्यांनी?"

"परवा नेलं. चालतंय म्हणाले."

"बरं. येते मग."

"ये," मी म्हणालो.